कोमातलं गाणं

गाणारीला रडायचं काम मिळालं, तिथनं सगळं सुरू झालं.

बाई गावाकडनं शहरात आली ती गायला. गळा खणखणीत. लहानपणी शेताच्या या टोकाला तिनं हाळी दिली की त्या टोकाची माणसं हात धुऊन जेवायला यायची, म्हणून बाप तिला भोंगा म्हणायचा. शहरात भोंग्याला कोण विचारतो? दीड वर्षं ती एका स्टुडिओत मागच्या रांगेत उभी राहून दुसऱ्यांच्या गाण्यामागं 'आ आ' करत होती. एक दिवस शेजारच्या खोलीतनं घायकुतीला आलेला एक माणूस डोकावला आणि म्हणाला, "इथं कुणाला रडता येतं का?"

त्याच्या मालिकेतल्या नायिकेला डोळ्यांत पाणी आणता यायचं, पण तोंडातनं आवाज निघाला की शिंक अडकल्यागत वाटायचं. बाई आत गेली, माइकसमोर उभी राहिली आणि तीन हुंदके दिले. तिसऱ्याला तिथं पंखा दुरुस्त करायला आलेल्या वायरमनचे डोळे भरून आले. मग काय, चार वर्षं ती दुसऱ्यांच्या तोंडानं रडली. नवरा मेला, लेकरू हरवलं, घर जळालं; सगळं पडद्यामागं, चपला काढून, बसल्या बसल्या.

पुढं कुणाच्या तरी ध्यानात आलं की हिला चेहराही आहे. चेहरा तसा साधा, पण भुवया अशा की नुसत्या वर गेल्या तरी समोरच्याला आपली चूक आठवावी. बत्तिसाव्या वर्षी ती रोजच्या मालिकेत सासू झाली. पडद्यावरचा मुलगा तिच्याहून दोन वर्षांनी थोरला, आणि डोक्यावर केसांचा टोप. तो 'आई' म्हणून मांडीवर डोकं ठेवायचा तेव्हा टोप निसटू नये म्हणून हिला तो हातानं दाबून धरावा लागायचा. लोक म्हणायचे, बघा, कशी का असेना, पोराची माया आहे.

नऊ वर्षं ती साडेआठच्या ठोक्याला घरोघरी सुनेला छळत होती. लोकांनी तिचं नाव टाकलं आणि सासूबाईच म्हणायला लागले. भाजीवाली नेमके दबलेले टोमॅटो पिशवीत घालायची. "आधी सुनेला नीट वागवा," म्हणायची, "मग चांगले मागा." दवाखान्यात कंपाउंडरनं सुई टोचली तीसुद्धा सुनेच्या वतीनं.

घरात उलटा कारभार. घरची खरी सासू, जिला ती आई म्हणायची, ती म्हणजे गरीब गाय. पण साडेआठ वाजले की गायीला शिंगं फुटायची. टीव्हीजवळ खुर्ची ओढून ती शेजारी बसलेल्या सुनेला म्हणायची, "मेली किती दुष्ट आहे बघ."

"आई, ती मीच आहे."

"ठाऊक आहे. म्हणून तर तोंडावर बोलते, पाठीमागं नाही."

गाणं मात्र सुटलं नव्हतं. पहाटे स्वयंपाकघराचं दार लावून ती तासभर गायची आणि मग सुनेला छळायला कामावर जायची. नवव्या वर्षी एका सभागृहवाल्यानं तिचा गाण्याचा कार्यक्रम ठरवला. सराव धरून आठ दिवसांची सुटी हवी होती. ती मालिकेच्या लेखकाकडं गेली. हा बिचारा रोज दुपारी तीनपर्यंत दुसऱ्या दिवशीचं भांडण लिहून द्यायचा, त्यामुळं अंगानं वाळून खारीक झालेला.

"आठ दिवस सासूबाईंना पाठवा कुठंतरी," ती म्हणाली.

"त्या गेल्या तर सून सुखात राहील, ताई. सुखात मी लिहू काय?"

त्यानं सासूबाईंना जिन्यावरनं ढकललं. डोक्याला मार, कोमा, पलंग. इकडं सभागृहाचं छत गळायला लागलं आणि कार्यक्रमच रद्द झाला. तिकडं कोमा लांबला. कारण लेखकाला गंमत सापडली होती: बेशुद्ध माणसापुढं कुणीही मन मोकळं करतं. जो तो त्या पलंगाशी यायचा आणि विहिरीत दगड टाकावा तसं गुपित टाकून जायचा. आठ दिवसांचे चार महिने झाले. बाईचं काम एवढंच, डोळे मिटून पडायचं आणि नाकावर माशी बसली तरी हलायचं नाही.

मग गुपितं संपली. एका सोमवारी सकाळी लेखक मेकअपच्या खोलीत आला आणि आरशाकडं बघत बोलला. "ताई, वरनं निरोप आलाय. शुक्रवारी सासूबाई जाणार."

"कुठं?"

"वर."

बाईच्या गालावर अर्धीच पावडर लागली होती. ती एक्केचाळीस वर्षांची. नऊ वर्षं घराघरात पाहिलेली सासू एकदा मेली की दुसऱ्या मालिकेत तिला कोण नांदवतो? पुन्हा मागच्या रांगेत 'आ आ' करायची वेळ. तसंच अर्ध्या तोंडानं जाऊन ती पलंगावर पडली.

आता माइकवाल्याचं सांगायला हवं. संवाद असेल त्याच नटाच्या कपड्याआड बारका माइक लावायचा, हे त्याचं काम. सासूबाईंना चार महिने संवाद नव्हता, तरी नऊ वर्षांच्या सवयीनं हा रोज पहिला माइक त्यांनाच लावायचा. त्या दिवशीही लावला. डॉक्टर झालेला नट सुनेला म्हणाला, "आता आशा नाही." बाईच्या डोक्यात पहाटेची चाल घोळत होती. मरायच्या विचारानं ती चाल थांबायची सोडून नाकावाटे बाहेर आली. बारीक, पण सुरात. सेटवर पंख्याच्या घरघरीत कुणाला ऐकू गेली नाही. संकलकाला वाटलं, ही पार्श्वसंगीतवाल्याची करामत. पार्श्वसंगीतवाल्याला वाटलं, संकलकाची. दोघांचं एकमेकांशी बोलणं बंद होतं, त्यामुळं विचारणार कोण? मंगळवारी साडेआठला कोमातली बाई साऱ्या मुलखासमोर गुणगुणली.

फोन खणखणायला लागले. म्हातारी शुद्धीवर आहे. डॉक्टर फितूर आहे. एका आजोबांनी तर सुनेला सावध करायला तिचा नंबर मागितला.

बुधवारी लेखक पळतच आला. "ताई, तुम्ही माझी अब्रू राखलीत. सासूबाई बेशुद्ध नव्हत्याच. चार महिने सगळ्यांची गुपितं ऐकत पडल्या होत्या. शुक्रवारी उठतील, आणि गात उठतील."

"गात?" बाईच्या भुवया आपोआप वर गेल्या.

"पण बेसूर."

"का म्हणून?"

"गोड गळ्याची बाई दुष्ट कशी वाटेल? लोकांना कीव येईल. कीव आली की मालिका झोपली. वरच्यांनी दोन प्रवेश लिहून घेतलेत. एकात बेसूर गायचं आणि पुढं दोन वर्षं एकेकाचं बिंग फोडत सुटायचं. दुसऱ्यात सुरात गायचं, पण गाता गाता मरायचं. मरणाऱ्या बाईनं गोड गायलेलं चालतं. उद्या सकाळी सांगा कोणता."

बाई घरी आली आणि दार लावून बेसूर गाऊन बघू लागली. जमेना. म्हशीचं दावं सोडलं तरी सांजेला ती आपल्याच खुंट्यापाशी येऊन उभी राहते, तसा गळा फिरून फिरून सुरावर यायचा. तिसऱ्या खेपेला ती कंटाळून गप्प बसली, तेव्हा बाहेरनं आवाज आला. आई भांडी घासत गात होती.

एवढी वर्षं एका घरात राहून हिनं त्या गाण्याकडं कान बंद ठेवले होते. आज उघडले. काय तो बेसूर. डगमग नाही, शंका नाही. पहिल्या शब्दाला वाट सोडली ती शेवटपर्यंत पुन्हा धरलीच नाही.

"आई, ती पहिली ओळ परत म्हणा."

"टिंगल करतेस?"

"शिकतेय."

म्हातारीनं घासणी खाली ठेवली, हात पुसले. "ताण देऊ नकोस. तू गाण्याला फार धरून ठेवतेस. त्याला जायचंय तिकडं जाऊ दे, आपण आपलं भांडं घासावं."

संध्याकाळभर दोघी मोरीपाशी बसल्या. मधेच एकदा हिला सूर लागला तर म्हातारी म्हणाली, "हं, बघ, चुकलीस." सगळी भांडी दोनदा घासून झाली तेव्हा बाईनं ठरवलं. सुरात गाऊन मेल्यावर पुढं कुणाला ऐकवायचं? शिर सलामत तर पगड्या पन्नास. सकाळी तिनं लेखकाला सांगितलं, "मी मरत नाही."

त्याच दुपारी चित्रण झालं. सासूबाईंनी डोळे उघडले, उठून बसल्या आणि गायल्या. मांडीवर डोकं ठेवलेला मुलगा असा हसला की टोप पलंगाखाली गेला; प्रवेश पुन्हा घ्यावा लागला. पुन्हाही बेसूर तेवढाच, तिथंच. माइकवाल्यानं कानावरचे हेडफोन काढले आणि लेखकाला म्हणाला, "साहेब, ही चुकत नाहीये. दोन्ही खेपेला प्रत्येक सूर नेमका तेवढाच ढळलाय. हे गाता येणाऱ्याचंच काम."

शुक्रवारी साडेआठला आई खुर्ची ओढून बसली. गाणं संपलं. मग म्हणाली, "आज कुठं तुझं गाणं लागलं. पहाटेचं ते मला कधी बरं वाटलंच नाही. म्हटलं, कशाला सुनेचं मन मोडा."

बाईनं तिच्या तोंडाकडं निरखून पाहिलं. थट्टेचा मागमूस नव्हता.

पंधरा दिवसांत ते बेसूर गाणं लोकांच्या तोंडी झालं. पोरं शाळेत म्हणू लागली, भाजीवालीनं चांगले टोमॅटो घातले. सभागृहवाल्याचा फोन आला. छत दुरुस्त झालं होतं. "ते सासूबाईंचं गाणं लोकांना हवंय. येता का?"

"येते. पण आधी माझं, सुरातलं. सासूबाईंचं शेवटी."

"लोक ते ऐकायला येणार, ताई. तुमच्या गाण्याला थांबतील का?"

"त्यासाठीच ते शेवटी. जातील कुठं?"

"बरं, तुमचं किती वेळ?"

"दोन तास."

"आणि सासूबाईंचं?"

"तीन मिनिटं," बाई म्हणाली. "त्याहून जास्त माझ्या गळ्याला झेपत नाही."