लिबर्टी राहिली

प्रयागबाईंची याचिका थेट हायकोर्टात नेण्याची घाई माझी होती, हे आधीच सांगून टाकतो. आम्हा वकिलांना स्वतःची चूक शेवटच्या परिच्छेदात ढकलायची सवय असते.

त्यांचं घर सक्करदऱ्याला. नवऱ्याला, चंद्रभानला, दम्यामुळे हातमागावर बसवेना. तेव्हापासून बावीस वर्षं लुगडी विणली ती प्रयागबाईंनी; विणकर संस्थेच्या रजिस्टरात नाव मात्र चंद्रभानचंच राहिलं. तो गेल्यावर त्यांनी विणकराचं ओळखपत्र मागितलं. अर्ज तपासणाऱ्या समितीने शेरा मारला, ‘या फक्त विणणाऱ्याला सुताच्या कांड्या भरून देत.’ ओळखपत्र नाकारलं याचं दुःख होतंच, पण त्या ‘फक्त’चा त्यांना खरा राग होता.

हायकोर्टात पहिल्याच तारखेला न्यायमूर्ती म्हणाले, मागावर कोण बसत होतं ते साक्षीपुराव्याने ठरेल, त्यासाठी अपिलाची सोय आहे. याचिका मागे घ्या, नाहीतर फेटाळू. मी पुढची तारीख मागून घेतली.

त्या तारखेला व्हरांड्यात प्रयागबाईंनी विचारलं, “मागे घेतली म्हंजे मी खोटी ठरली ना, वकीलसाहेब? मोहल्ल्यात तर सारे तसंच म्हणून राहिले.”

“नाही, मावशी. आदेशात ‘लिबर्टी’ हा शब्द आला की अपिलाचा दरवाजा उघडा राहतो. तो सुटला, तर समोरचे म्हणतील, हिनं स्वतःच सोडून दिलं.”

त्या तो शब्द पुटपुटत बसल्या.

पुकारा झाला. शेजारच्या कोर्टात माझं दुसरं प्रकरण निघणार होतं, सगळं लक्ष तिकडे. मी उठलो, इंग्रजीत याचिका मागे घेत असल्याचं सांगितलं आणि फाइल मिटली. न्यायमूर्ती आदेश सांगू लागले.

“साहेब, लिबर्टी राहिली.”

मागच्या बाकापाशी प्रयागबाई उभ्या होत्या. इंग्रजीचा गंध नसलेली ही बाई तेवढ्या एका शब्दासाठी कान लावून बसली होती. मला मेल्याहून मेल्यासारखं झालं. न्यायमूर्तींनी माझ्याकडे पाहिलं, मी चाचरत विनंती केली आणि ती ओळ आदेशात आली.

आठवड्याने प्रत मिळाली. मी त्यांना मराठीत सांगितलं, “याचिकाकर्तीच्या वकिलांच्या विनंतीवरून, अन्य कायदेशीर मार्गांची मुभा ठेवून, याचिका मागे घेण्यास परवानगी.”

“कोनाच्या विनंतीवरून?”

“वकिलांच्या. म्हणजे माझ्या.”

त्यांनी कागद हातात घेतला.

“म्हंजे हेबी मीच विनलं,” त्या म्हणाल्या, “अन् नाव दुसऱ्याचं लागलं.”

मला फार लाज वाटली. अपिलाचा मसुदा मी त्यांच्यासमोरच लिहायला घेतला. नाव, वय, पत्ता झाल्यावर ‘व्यवसाय’ आला. तिथे मी ‘विणकर’ लिहिलं. याचिकेत त्याच जागी मी ‘घरकाम’ लिहिलं होतं.