सेन्सेईंच्या सपाता

सेन्सेई, म्हणजे आमचे गुरू, वारल्यावर दत्तमहाराजांवरची माझी श्रद्धाच डळमळली. बुइटनव्हेल्डर्ट या डच उपनगरातल्या एका शाळेच्या जिममध्ये ते आम्हाला जपानी तलवारबाजी शिकवत. नोकरीसाठी एकटीच इथे आलेल्या मला तेवढी एकच जागा आपली वाटायची, कारण तिथे फार बोलावं लागत नसे. धनी गमावलेल्या सामुराईला रोनिन म्हणतात, हे त्यांनीच सांगितलं होतं. आता मी तशीच झाले होते. तलवार हातात, पण कुणासाठी?

त्या संध्याकाळी शिकवायला कुणी पुढे आलं नाही, तर शाळा हॉल दुसऱ्या गटाला देणार होती. सगळ्यांत जुनी विद्यार्थिनी मी, म्हणून सुरुवातीच्या नमस्काराची आज्ञा मीच द्यायची होती. सगळे रांगेत बसले. समोर सेन्सेईंची जागा रिकामी. माझ्या तोंडून आवाजच फुटेना.

"नमस्कार होणार आहे, की गुडघे जाईपर्यंत बसायचं?" शेजारचा पीटर कुजबुजला. कुणीतरी हसलं.

मी उठले. का, ते आजही सांगता येत नाही. दाराशी सेन्सेईंच्या गवती सपाता अजून तशाच होत्या. त्या आणून, खाली माझा स्कार्फ घालून, मी त्यांच्या जागेवर मांडल्या. पुण्याला आमचे बाबा गुरूंच्या पादुका अशाच मांडतात.

"चपला? तिथे?" पीटर म्हणाला.

तेव्हा मला कळलं. जिथे चप्पल दाराच्या आत आणत नाहीत, तिथे मी ती मानाच्या जागी ठेवली होती. पळून जावंसं वाटलं.

तेवढ्यात दारातून आवाज आला, "हे कुणी केलं?" एक वयस्कर जपानी बाई उभ्या होत्या. सेन्सेईंच्या पत्नी, त्यांचं सामान न्यायला आलेल्या. आम्ही त्यांना पहिल्यांदाच पाहत होतो.

"मी. सॉरी," मी कसंबसं म्हणाले. "आमच्याकडे गुरू गेल्यावर त्यांच्या पादुकांना नमस्कार करतात. ते तिथेच आहेत असं मानतात."

त्यांनी सपातांकडे पाहिलं. मग रांगेच्या टोकाला, अगदी नवशिक्यांच्या जागी जाऊन बसल्या.

"मग त्यांना ताटकळत का ठेवलंय?"

आणि माझ्या तोंडून आज्ञा निघाली. हॉलभर घुमली. सगळी डोकी एकदम जमिनीला टेकली.

आता वर्ग मी घेते. बाई टोकाला बसून माझ्या चुका सांगतात. त्या नेमक्या त्याच क्षणी कशा आल्या, याचा मी फार विचार करत नाही. दत्तमहाराजांचे आभार तेवढे रोज मानते. शरण जायचं म्हणजे गप्प बसायचं, असं मला वाटायचं. पण समोर आलेलं काम थरथरत का होईना करणं, हेही शरण जाणंच असावं. स्वतःच्या आवाजाची भीती अजून वाटते. तो कसा निघेल, ते महाराजांवर सोडते आणि तोंड उघडते.