मामाजींचं पहिलं कलम

आमच्या आंधळगावच्या मामाजींइतका कंटाळवाणा माणूस भंडारा जिल्ह्यात झाला नाही, आणि हे मी अत्यंत प्रेमाने लिहितो आहे. नरसंहार रोखण्याचा जागतिक करार आपल्या देशाने मान्य केला, पण त्यासाठी घरचा कायदा अजून केलेला नाही. ही लाजिरवाणी गोष्ट मी पत्रकात ठळक अक्षरांत छापून गावोगाव वाटली. लोकांनी त्यात भजी खाल्ली. मामाजींनी मात्र पत्रक अथपासून इतिपर्यंत वाचलं आणि म्हणाले, "सरकारले वेळ नाई ना? मंग मीच करतो कायदा." तेव्हापासून धानाच्या बांधीत चिखल तुडवतानाही ते कलमं घोकत असतात.

कत्तलीनंतरची शिक्षा म्हणजे किडीने धान जळाल्यावरची फवारणी, हे त्यांचं मत. "तुडतुडा वरून दिसते का बे? बुंध्याशी वाकून पाहा लागते. मानसाले किडा म्हटलं, का समज, बुंध्याले लागला." म्हणून कुणी कुठल्याही जमातीला नावं ठेवली की मामाजी जागच्या जागी कलम लावत. पुतणीच्या लग्नात बायकांनी रिवाजाप्रमाणे व्याह्यांवर टिंगलीची गाणी सुरू केली. 'खादाड वऱ्हाडी' म्हणताच मामाजी भर मांडवात उभे राहिले, "कलम पहिलं! समूहाची बदनामी!" मामी कडाडल्या, "अवो, बसा खाली! तुमच्या कायद्यानं नवरदेव वापस जाईन!" गाणी थांबली आणि व्याही रुसले. आमची टिंगल काहून केली नाही, म्हणून!

मीही हसायचो. मग या उन्हाळ्यात तलावाच्या पाळीवर जडीबुटी विकणारं एक कुटुंब पाल ठोकून उतरलं. मोबाईलवर निरोप फिरला की ही पोरं पळवणारी टोळी आहे, आणि दिवस कलताना माणसं काठ्या घेऊन निघाली. मी पोलिसांना फोन लावला, गर्दीवर ओरडलो, "लाज वाटत नाही का?" लाज कुणालाच वाटली नाही, उलट दोघांनी माझी कॉलर धरली. तेवढ्यात मामाजी पालासमोर मांडी घालून बसले.

"सरका मामाजी! हे मानसं नाई, किडे हायेत!"

"हेच ते! कलम पहिलं, पोटकलम अ. बस, उदाहरन सांगतो."

उदाहरणं त्यांच्याकडे अमाप होती, आणि वयामुळे त्यांना ढकलायची कुणाची छाती नव्हती. तिसऱ्या कलमाला मागची रांग तंबाखू मळू लागली. पाचव्याला एकजण पुटपुटला, "मामाजी, म्हशी खोळंबल्या, उद्या आयकतो." मामाजींनी त्याचा हात धरला, "अपवाद तरी आयकून जा!" पोलीस आले तेव्हा पाळीवर काठ्या होत्या, माणसं नव्हती, आणि मामाजी दंडाच्या तरतुदीवर पोचले होते.

सकाळी मामींनी बांधून दिलेला डबा घेऊन आम्ही पाळीवर गेलो. पाल उठलं होतं. तीन दगडांच्या चुलीत राख अजून कोमट होती. मामाजी वाकून बघत राहिले.

"वाचले ना ते, मामाजी," मी म्हणालो.

"वाचले, बाबू. पन राह्यले नाई. देशाचा कायदा असता त राह्यले असते. एका म्हाताऱ्याच्या भरोशावर लेकरं घेऊन कोन झोपन?"