कडूबाईची पावलं

आधीच्या दोन पोरी गेल्यावर झाली, हिला तरी नजर लागू नये म्हणून आईबापानं नाव ठेवलं कडूबाई. बाई कडू नव्हती, तिखट मात्र होती. गंगापूरकडून वाळूजला आली, नवरा गेला, तेव्हापासून कंपनीतल्या पोरांचे डबे करून तिनं सोमनाथला वाढवलं. पहाटे परात ओढून पाटावर बसायची ती ऊन दारात येईस्तोवर भाकरी थापत राहायची.

यंदा तिला मोरीपर्यंत गेलं तरी धाप लागू लागली. पाय सुजून चपलेचा पट्टा रुतायचा. सोमनाथनं शहरातल्या एका दवाखान्यात दाखवलं. तिथल्या डॉक्टरनं ना नाडी धरली, ना पायाला हात लावला. मनगटावर बांधायला घड्याळ दिलं. सून तनुजाच्या मोबाइलला ते जोडलं, की ठोके आणि पावलं थेट दवाखान्यात पोचणार, आणि दवाखान्याचे निरोप सोमनाथच्या मोबाइलवर येणार. म्हणजे माणसाकडं बघायची पीडाच गेली.

महिन्यानं मायलेक परत गेले. डॉक्टर पडद्यावर बोट फिरवत म्हणाला, "मावशी, रोज सकाळी इतकं चालता? कमाल आहे."

"कुठं चालते, साहेब? मोरीपर्यंत जाताना भिंत धरते."

"पावलं दिसतात ना इथं. ठोके वाढलेत, पण चालल्यावर वाढणारच. धाप वयाची आहे."

तिनं लुगडं वर करून पाय पुढं केले. त्यानं पुढच्या पेशंटला हाक मारली.

"आई, उगं कुरकुर करू नको," रस्त्यात सोमनाथ म्हणाला. "मशीन खोटं कशाला बोलंल?"

तिला शिसारी आली. डॉक्टर परका, त्याचं सोडा. पण पोटच्या पोराला आईच्या तोंडापेक्षा मनगटावरचं डबडं खरं वाटावं?

चार दिवसांनी तनुजाला उलगडा झाला. सासू पाटावर बसून भाकरी थापत होती, आणि इकडं मोबाइलवर पावलं चढत होती. हात हलला की घड्याळ म्हणायचं, बाई चालली. तनुजानं दवाखान्यात फोन लावला. डॉक्टर हसला. म्हणाला, भाकरी करताना काढून ठेवा, पुढच्या महिन्यात बघू. चुकीच्या आकड्यांवर आपण बाईला ठणठणीत ठरवलं, तिला लगेच बोलावून तपासावं, एवढंही त्या शहाण्याच्या डोक्यात आलं नाही. सोमनाथही म्हणाला, "डॉक्टर म्हणतात तर थांबू."

थांबले. त्याच आठवड्यात कडूबाई परातीशेजारी कलंडली. घड्याळ काढायचं त्या दिवशी राहूनच गेलं होतं.

मोठ्या हॉस्पिटलातल्या डॉक्टरीणबाईंनी आधी तिच्या पायावर अंगठा दाबला. खळगा पडला, तो भरून येईना. "फुप्फुसात पाणी झालंय, हृदय पार थकलंय. इतके दिवस कुठं होता?"

नर्सनं गळ्यातली माळ आणि घड्याळ काढून तनुजाकडं दिलं. तिच्या दोन्ही हातांत पिशव्या, म्हणून तिनं घड्याळ आपल्याच मनगटावर चढवलं आणि गडबडीत विसरली. डबे काही थांबत नव्हते. सकाळी घरी जाऊन ती भाकरी थापायला बसली.

इकडं खाटेजवळ सोमनाथचा मोबाइल वाजला. त्यानं बघितलं आणि पटकन खिशात घातला.

"कुणाचं हाय?" कडूबाईनं विचारलं.

"दवाखान्याचं. काय नाय."

"वाच की."

त्यानं खालमानेनं वाचलं, "अभिनंदन. कडूबाईंनी आजचं चालणं पूर्ण केलं. तब्येत उत्तम."

कडूबाईनं तोंडावरचा मास्क बाजूला केला.

"लई चालले का रे मी?" म्हणाली, आणि भिंतीकडं तोंड करून पडली.