आखाडाची बॅग

सर्व जनतेस अत्यंत गंभीरपणे कळवण्यात येते की, पुढील मजकुरात एक अल्पवयीन मुलगी, एक सावत्र आई, एक पोतं, एक बोडी आणि एक ठाणेदार यांचा समावेश आहे. त्यापैकी मुलगी सुखरूप सापडली. पोतं पंचांसमक्ष बाहेर काढण्यात आलं. ठाणेदाराची त्या गावातली अब्रू मात्र आजतागायत मिळून आलेली नाही. कोणास आढळल्यास नजीकच्या पोलीस ठाण्यात जमा करावी.

तो ठाणेदार म्हणजे मी. नोकरीत खून पाहिले, दरोडे पाहिले, त्यांतले निम्मे विसरलो. हे प्रकरण काही डोक्यातून जात नाही. आठवलं की अजून कपाळाची शीर उडते, आणि बायको म्हणते, गोळी घ्या.

माझी बदली तेव्हा गोंदिया जिल्ह्यात, तिरोड्याकडच्या एका ठाण्यात झाली होती. मी ज्वारी-कापसाच्या मुलखातला. धान म्हणजे ताटात येतो तो भात, एवढंच माझं ज्ञान. ही माहिती वाचकांनी आत्ताच घ्यावी, कारण माझ्या हवालदाराने ती वेळेवर घेतली असती तर बरंच टळलं असतं.

सोमवारी संध्याकाळी दिवेलागणीच्या सुमारास एक शेतकरी ठाण्यात आला. मुलगी सहावीत. सकाळी शाळेला म्हणून निघाली, शाळेत पोचलीच नाही. मुलीची आई तीन वर्षांपूर्वी वारलेली. याने दोन महिन्यांपूर्वी, उन्हाळ्यात दुसरं लग्न केलेलं. अठरा वर्षांखालचं मूल हरवलं की अपहरणाचा गुन्हा नोंदवावाच लागतो, तसा अज्ञात इसमाविरुद्ध नोंदवला. वायरलेसवर वर्णन दिलं, एसटीच्या बसस्थानकांवर फोन केले, मुलीच्या नातेवाईकांची यादी केली. काका, आत्या, मावशी, मामा. प्रत्येकाच्या घरी माणूस पाठवला. कुठेच नाही.

बापाला विचारलं, "घरात भांडण झालं होतं का?"

"तिलेच विचारा."

"मुलगी कोणावर रागावली होती?"

"तिलेच विचारा."

"अहो, ती हरवली आहे!"

"तिले नाई साहेब, माह्या बायकोले विचारा."

मंगळवारी सकाळी आम्ही गावात पोचलो. आमच्या आधी मुलीचा मामा पोचला होता. मामाच्या आधी मोबाईलवर बातम्या चालवणारा गोंदियाचा एक पत्रकार पोचला होता. "साब, ब्रेकिंग है क्या?" त्याने मलाच विचारलं. आणि मामा अंगणाच्या मधोमध उभा राहून गावाला सांगत होता, "सावत्र ते सावत्रच! दोन महिन्यांत पोरगी गायब केली. माही बहीण असती त असं झालं असतं काय?"

ती असती तर दुसरी आलीच नसती, हे मी बोललो नाही. वर्दीत असताना खूप गोष्टी गिळाव्या लागतात.

बाईमाणसाचा जबाब घरीच नोंदवायचा म्हणून महिला शिपाई आणि हवालदाराला घेऊन ओसरीत बसलो. सावत्र आई पंचविशीची. सालेकशाकडच्या जंगलपट्टीतली. समोर बसली, पदर सावरला, आणि जमिनीकडे पाहत राहिली. माझ्या अनुभवानं सांगितलं, ही काहीतरी लपवते. आता माझा अनुभव किती थोर होता ते पुढे येईलच.

"पोरगी तुमच्याशी कशी वागायची?"

"बोलत नाई."

"म्हणजे कमी बोलते?"

"बोलतच नाई. मले आवाज बी देत नाई, कायच म्हणत नाई. मी वाढलं का ताट उचलते न भाईरच्या सपरीत जाऊन खाते."

"मग तुम्ही मारलं असेल."

"नाई."

"रागावलात?"

"मले येऊन दोन महिने झाले साहेब. रागवाले बी थोडा टाइम लागते."

महिला शिपाई हसू दाबायला खाली वाकली. मी डोळे वटारले. तेवढ्यात ठाण्यातून फोन आला. एका बाईने नाव न सांगता कळवलं होतं, 'सोमवारी तांबडं फुटल्यावर सावत्र आई डोक्यावर जड पोतं घेऊन बोडीकडे गेली, आली तेव्हा पोतं नव्हतं.'

बोडी म्हणजे गावातलं लहान तळं. अकरा वर्षांची पोर, जड पोतं, पाणी. खोटं कशाला सांगू, त्या क्षणी मी त्या बाईला मनातल्या मनात फासावर चढवलं.

"सोमवारी पोतं घेऊन बोडीवर गेला होतात?"

"गेली होती."

"काय होतं पोत्यात?"

"धान."

"धान पाण्यात टाकलं? कशाला?"

"कोंब याले."

हा उद्धटपणा आहे, अशी माझी खात्री पटली. शेजारी हवालदार खाकरला. "साहेब, ते धान..." मी म्हणालो, "तुम्ही लिहा." तो पुन्हा खाकरला. मी म्हणालो, "घसा दुखत असेल तर औषध घ्या." तो बिचारा लिहू लागला.

इतका वेळ जमिनीकडे पाहणारी बाई आता मात्र अस्वस्थ झाली. "साहेब, मले बोडीवर जाऊ द्या. पोतं काढाचं हाये. आजच्या सकाळीच काढाचं होतं. आता नाई काढलं त सडन."

वाचकहो, तुम्ही माझ्या जागी असता तर काय केलं असतं? कदाचित डोकं वापरलं असतं. मी पंच बोलावले.

भर दुपारी अख्खं गाव बोडीच्या पाळीवर. रोजची मच्छी मारणारे दोघे पाण्यात उतरले. मामा छाती बडवायला तयार. पत्रकार मोबाईल उंच धरून. बाप खाली बसलेला. त्याच्याकडे तेव्हा मी पाहू शकलो नाही. सावत्र आई महिला शिपाईच्या शेजारी उभी, आणि ती मला चक्क सूचना देत होती, "वढू नका, उचला! फाटन ते!"

पोतं वर आलं. दोरी सोडली. आत धान. भिजून टम्म फुगलेलं, काही दाण्यांना पांढरे कोंब.

त्या मुलखात धानाच्या बांधीत रोवणी करण्याआधी पऱ्हे टाकतात, म्हणजे धानाची रोपं तयार करतात. त्यासाठी बी पोत्यात भरून एक दिवस पाण्यात बुडवून ठेवायचं आणि मग तणसाखाली, धानाच्या पेंढ्याखाली, दडपायचं, ही तिथली पिढ्यान्‌पिढ्यांची रीत. तिथलं शेंबडं पोरही जाणतं. न जाणणारा अख्ख्या पाळीवर एकच माणूस होता आणि तो पंचनामा करत होता.

एक म्हातारा म्हणाला, "साहेब, बी चांगलं हाये. अटक करता का?"

गाव असं हसलं की पाण्यातले बगळे उडाले. हवालदाराकडे वळून मी दात आवळून विचारलं, "सांगितलं का नाही?"

"दोनदा खाकरलो, साहेब."

तो फोन कोणी केला, ते पुढे शोधलंच. शेजारीण निघाली. ती काही दबली नाही. "मी काय खोटं बोलली? पोतं नेलंच होतं न?" तिच्याविरुद्ध कोणतं कलम लावावं याचा मी आजही विचार करतो.

हसणं ओसरलं आणि मग मला घाम फुटला. पोत्यात मुलगी नव्हती, हे ठीक. पण मग ती होती कुठे? दुसरा दिवस निम्मा गेला होता, आणि तो मी तळ्यात घालवला होता.

सुटका केली ती महिला शिपाईने. मी पाळीवर लाज गिळत बसलो होतो तेव्हा ती त्या बाईला पोतं उचलायला हात देत घरी गेली होती. अर्ध्या तासाने आली. "साहेब, आपण पोरीचं काय काय गेलं ते विचारलं. दप्तर आणि चपला. बाईचं काय गेलं, ते विचारलंच नाही. तिची बॅग नाही घरात."

"कसली बॅग?"

लग्नानंतरच्या पहिल्या आखाडात नवी सून माहेरी जाते, भाऊ न्यायला येतो. हिचा भाऊ गुरुवारी येणार होता. सासूला ते पटलेलं नव्हतं, रोवणीच्या दिवसात घरातला एक हात कमी होणार म्हणून धुसफूस चालली होती. बॅग भरून ठेवलेली आणि सोमवारी ती गायब. सासूनेच दडवली असं धरून बाई गप्प राहिली. सासूचं नाव पोलिसांपुढे कसं घ्यायचं? घरची गोष्ट घरात. सकाळपासून ही बाई माझ्यापासून जे लपवत होती, ते एवढंच.

मी घर गाठून त्या बाईला विचारलं, "ती बॅग कुठे जाणार होती?"

"मायरी."

पुढच्याच क्षणी आम्ही दोघांनी एकमेकांकडे पाहिलं. मुलीच्या नातेवाईकांच्या यादीत मी आत्याच्या चुलत दिरापर्यंत पोचलो होतो. सावत्र आईचं माहेर हे त्या मुलीचं नात्यातलं घर असू शकतं, असं मलाच काय, बापालाही सुचलं नव्हतं. तिलाही नाही.

तिच्या माहेरच्या फोनवर रिंग जाईना. रिचार्ज संपलेला. जीप काढली. सालेकशाच्या पुढे, रस्ता संपता संपता चार घरांची वस्ती; लग्नाला पोरगी तिथे जाऊन आलेली. ऊन अजून होतं. अंगणात एक म्हातारी टोपली घेऊन मोहाच्या टोया, म्हणजे बिया, फोडत होती, आणि तिच्याजवळ पाय पसरून आमची अपहृत बालिका टोया फोडत होती.

"ही पोरगी इथे कधीपासून आहे?" मी कडाडलो.

म्हातारी बिलकुल घाबरली नाही. "काल आली. काऊन?"

"काऊन म्हणजे? तालुका शोधून राहिला तिला!" माझी भाषासुद्धा बिघडली होती.

"आता मले का मालूम? मले म्हणे, मायनं सामान पाठवलं. आता मामाले, म्हंजे माह्या पोराले, नेवाले नका पाठवू."

त्या घरात दोन महिन्यांत जिला तिनं एकदाही हाक मारली नव्हती, तिला ती इथे 'माय' म्हणाली होती, आणि तेही घरचं कोणी ऐकायला नसताना. माझ्या हवालदाराने ते लिहून घेतलं. मी सांगितलं नव्हतं.

बसच्या वाहकालाही गाठलं. बसस्थानकावर निरोप देऊनही हा कसा चुकला म्हणून झापायला सुरुवात केली. तो म्हणाला, "साहेब, तुम्ही हरवलेली पोरगी विचारली. ही त मांडीवर बॅग घेऊन ऐटीत बसली होती. मलेच विचारे, सालेकसा कवा येईल. हरवल्यासारखी दिसतच नोहती."

बुधवारी सकाळी सगळे ठाण्यात. मुलीचा जबाब घ्यायचा, मग बालकल्याण समितीसमोर हजर करायचं, हे नियमानं. मामा टेबलापाशी, बाप भिंतीला टेकून, सावत्र आई दाराशी, हात कोंबाच्या वासाचे. रात्र होण्याआधी तिने ते पोतं तणसाखाली घातलं होतं. थोडं सडलं, बरंचसं वाचलं, असं महिला शिपाईकडून कळलं.

मी मुलीला विचारलं, "बॅग का नेलीस?"

"तिच्या मायरच्यायले बॅग पाहिजे होती. मी नेऊन दिली. आता कायले जाते ती?"

"आखाडात गेली असती, महिन्याने परत आली असती."

"आमच्या घरची आजी म्हणे, गेली का येत नसते." मग टेबलाकडे पाहत म्हणाली, "पयली माय बी बॅग घेऊनच गेली होती. नागपूरले. दवाखान्यात."

बापाने तोंड भिंतीकडे केलं.

मी तीस वर्षं माणसं वाचण्याचा पगार घेतला. मूल बोलत नाही म्हणजे द्वेष करतं, ताट घेऊन लांब बसतं म्हणजे घाबरतं, असं मी शपथेवर सांगितलं असतं. या पोरीने मला शिकवलं की, एकदा आई गमावलेलं मूल दुसरीला लगेच हात लावत नाही. आधी ही टिकते का ते पाहतं. त्यात आपण मोठी माणसं 'सावत्र' हा शब्द उच्चारला की पुढचा तपास करतच नाही. मामाने केला नाही, शेजारणीने केला नाही, आणि तपास हेच ज्याचं काम, त्या मीही केला नाही. त्यानंतर कौटुंबिक प्रकरणात नातेवाईकांची यादी करताना मी एकच प्रश्न वाढवला: मूल कोणाच्या जाण्याला घाबरतं? सांगायला वाईट वाटतं, पण बऱ्याच बापांना याचं उत्तर येत नव्हतं.

मामाला मात्र अजून काहीच शिकायचं नव्हतं. त्याने माझ्या टेबलावर हात आपटला. "साहेब, लिहा! भाचीले मी नेतो. या सावत्रपणात एक दिवस नाई ठेवत." आणि पोरीचं मनगट धरलं. "चाल बाई. तुह्या मामाच्या घरी कायचीच कमी नाई."

दाराशी उभ्या सावत्र आईने पहिल्यांदा मान वर केली. ती काही बोलणार, एवढ्यात पोरीने मनगट सोडवून घेतलं आणि अख्खं ठाणं ऐकेल असं ओरडली:

"मी तुमच्या घरी आली, त हिच्यावर लक्ष कोन ठेवन?"