पाणचोरांच्या घरी स्कॉटलंडचे राजे

होणाऱ्या व्याह्यांनी पहिल्या भेटीला काय आणावं? भांडी पुसायचं फडकं. इथे त्याला टी-टॉवेल म्हणतात आणि लोक हौसेने भेट देतात, पण मला ते बघून आधी रागच आला. मग त्यांनी ते उलगडून दाखवलं. त्यावर स्कॉटलंडचे सगळे राजे छापलेले होते. प्रत्येकाचं बोटाएवढं चित्र, खाली नाव, नावाखाली पदवी नाहीतर टोपणनाव. व्याह्यांचे पूर्वज तिकडचे. ते स्वतः जन्मापासून ऑस्ट्रेलियात, हल्ली डार्विनला असतात, पण राजांचा विषय निघाला की त्यांची छाती फुगते.

माझ्या मुलीचं त्यांच्या मुलाशी ठरलं होतं. दोघं नवरा-बायको डार्विनहून सिडनीला आले होते, आणि रविवारी चर्चमधली मिस्सा झाल्यावर आमच्या केलीव्हिलच्या घरी जेवायला यायचे होते. नातीचं लग्न बघायला म्हणून माझे पप्पाही वसईहून आलेले. आई गेल्यापासून ते पहिल्यांदाच गाव सोडून बाहेर पडले होते.

आता आमच्या घराच्या नावाचं सांगायला हवं. आमच्या गावात अर्ध्या आळीचं आडनाव एकच, आणि बाप्तिस्म्याला संतांची तीच तीच नावं. नुसत्या नावाने कोणाचाच पत्ता लागत नाही. म्हणून प्रत्येक घराला गावाने ठेवलेलं एक टोपणनाव असतं. ते ठेवताना घरच्यांना कोणी विचारत नाही. आमचं घर पाणचोरांचं. माझे पणजोबा उन्हाळ्यात शेजाऱ्याच्या पाळीला हळूच पाट फोडून विहिरीचं पाणी आपल्या केळींना घ्यायचे. एकदा गुडघाभर चिखलात उभे असताना पकडले गेले, आणि तेव्हापासून आम्ही सगळे पाणचोर. पप्पा ही गोष्ट लग्नाच्या मांडवात साभिनय सांगतात. चिखलातून पाय उपसून दाखवतात, शेजाऱ्याचा आवाज काढतात. लोक हसून हसून लोळतात.

मी मात्र कधी हसले नाही. शाळेत मी माठाकडे गेले की मागून कोणीतरी ओरडायचं, ‘‘माठ सांभाळा रे!’’ लग्न होऊन ठाण्याला गेले तेव्हा नवरा मिळाल्यापेक्षा मला या नावातून सुटल्याचा आनंद जास्त होता. ऑस्ट्रेलियात आल्यावर तर काय, ते नाव माहीत असलेलं माणूसच आसपास नव्हतं.

त्या रविवारी सकाळी पप्पा नव्या शर्टाची बटणं लावत होते. मी इस्त्री हातात घेऊनच म्हटलं, ‘‘पप्पा, आज ते पाणचोराचं काढू नका.’’

‘‘का गं बाय? चांगली गोष्ट आहे.’’

‘‘गावात चांगली. इंग्लिशमध्ये नुसतं चोर होतं ते. पोरीचं लग्न आहे, जरा विचार करा.’’

माझा आवाज चढला होता. माझा आवाज चढायला फार काही लागत नाही. पप्पा ‘‘बरं’’ म्हणाले आणि कॉलर नीट करायला लागले.

जेवण उत्तम झालं. चिकनचा रस्सा आणि फुगे, म्हणजे आमच्याकडचे तळलेले गोल पाव, पाहुण्यांनी मागून मागून खाल्ले. ताटं बाजूला झाली, आणि व्याह्यांनी तो टॉवेल टेबलावर पसरून इंग्रजीत राजे सांगायला घेतले. पप्पांना इंग्रजी समजतं, बोलताना तेवढे शब्द शोधावे लागतात. ते खुर्ची पुढे ओढून बसले. व्याही म्हणाले, आमचा राजा स्कॉटलंडचा राजा नव्हे, स्कॉट लोकांचा राजा. पदवी माणसांवरून, जमिनीवरून नाही. पप्पांनी मान डोलावली. पुढे कोणी ‘सिंह’, कोणी ‘मोठ्या डोक्याचा’. एकाने लग्नच केलं नाही म्हणून त्याला लोक ‘कुमारिका’ म्हणायचे. इथे पप्पा इतके हसले की चष्मा काढून डोळे पुसावे लागले. जेम्स नावाचे तर एकामागून एक सहा, आणि सहावा इंग्लंडच्याही गादीवर बसला तेव्हा तिथे तोच पहिला झाला. एकाने गादीवर बसताना बाप्तिस्म्याचं नाव अपशकुनी म्हणून टाकून दिलं आणि दुसरं घेतलं.

मग व्याह्यांनी एका चित्रावर बोट ठेवलं. हा ‘रिकामा अंगरखा’. इंग्लंडच्या राजाने याचं राज्य काढून घेतलं, तेव्हा अंगरख्यावरचं राजचिन्हसुद्धा उसवून काढलं. पुढे लोकांनी त्याला तेच नाव दिलं. पप्पा या वेळी हसले नाहीत. वाकून ते चित्र बघत राहिले.

व्याही खुर्चीत मागे रेलले आणि पप्पांना म्हणाले, ‘‘आता तुमची पाळी. तुमच्या गावातही घरांना अशी नावं असतात ना? तुमच्या घराचं काय?’’

त्यांचा चेहरा आधीच हसायच्या तयारीत होता. पप्पांनी माझ्याकडे पाहिलं. मी पाण्याचा जग उचलला आणि भरलेल्याच ग्लासात पाणी ओतायला लागले.

‘‘नो,’’ पप्पा म्हणाले. ‘‘नो नेम. वुई आर सिंपल पीपल.’’

‘‘व्हॉट? आजोबा!’’ माझी मुलगी ओरडली. ‘‘पाणचोर! द वॉटर स्टोरी! सांगा ना!’’

पप्पा तिच्याकडे बघून हसले, पाहुण्यांसमोर हसतात तसं. ‘‘दॅट इज अनदर हाउस,’’ ते म्हणाले.

व्याह्यांनी टॉवेलची उगाच घडी घातली. होणारा जावई टेबलाकडे बघत होता. मुलीने एकदाच माझ्याकडे पाहिलं आणि तिला सगळं कळलं. पंचवीस वर्षं माझ्या हाताखाली काढलेली पोर आहे ती.

स्वयंपाकघरात तिने मला गाठलं. ‘‘मम, तू काय सांगितलंस त्यांना? मी कधीच सांगितलंय यांना सगळं. इट्स माय फेवरिट स्टोरी! त्याचे डॅड आजोबांकडून ऐकायचं म्हणून तो टॉवेल घेऊन आलेत. त्यांचे स्वतःचे पूर्वज गुरं चोरायचे, मम! ते अभिमानाने सांगतात!’’

मी सिंकपाशी उभी होते. कान तापले होते. भरल्या टेबलावर माझ्या बापाने स्वतःचं घर दोनदा नाकारलं होतं, आणि तेसुद्धा समोरच्यांना खरं काय ते माहीत असताना. त्यांच्या नजरेत चोर कोणीच नव्हतं. पप्पा तेवढे खोटे ठरले होते, माझ्यामुळे. दरवर्षी गुड फ्रायडेला प्रभू पकडला गेल्यावर त्याच्या शिष्याने ओळख नाकारल्याचं वाचन चर्चमध्ये होतं आणि दरवर्षी मला त्याचा राग येतो. दुसऱ्याला नाकारायला लावणारीचं काय, हा विचार माझ्या डोक्यात कधी आला नव्हता. मला मेल्याहून मेल्यासारखं झालं.

पाहुणे गेले. हसतमुखाने गेले, तो त्यांचा मोठेपणा. मी भांडी घासत होते, मी नको म्हणत असतानाही पप्पा पुसायला आले. हाताशी तोच टॉवेल होता. राजांवर ओल लागू नये म्हणून की काय, ते उलट्या बाजूने एकेक ताट पुसत होते.

‘‘पप्पा, त्यांना माहीत होतं,’’ मी म्हटलं. ‘‘पोरीने आधीच सांगितलं होतं.’’

त्यांचा हात थांबला. ‘‘सगळं?’’

‘‘सगळं. आपण उद्या त्यांना परत बोलावू. तुम्ही सांगा, चिखलाचं वगैरे, सगळं करून दाखवा.’’

‘‘छे. आता कसं सांगू? अनदर हाउस म्हटलं ना मी.’’ ते पुन्हा ताट पुसायला लागले. ‘‘म्हातारा विसरला म्हणतील. म्हणू दे.’’

मला माफी मागायची होती, पण आमच्या घरात बापाची माफी मागायची रीत नाही. पप्पांनी ताट रॅकवर ठेवलं, टॉवेल झटकला आणि माझ्याकडे वळले. टोमणा मारायचा त्यांचा स्वभाव नाही. त्यांना खरंच जाणून घ्यायचं होतं.

‘‘बाय, पण तुझी लाज राहिली ना?’’

मी ‘‘हो पप्पा’’ म्हटलं आणि नळ मोठा सोडला.