इरल्याखालचं डुक्कर

लोणावळ्याच्या बाजारात वाहिदचं फोटोचं दुकान होतं. त्याआधी मुंबईच्या एका फिल्म कंपनीत त्यानं कॅमेऱ्याचं हॅंडल फिरवलेलं. बोलपट आले, कंपनी बुडाली, आणि येताना एक जुना हॅंडलचा कॅमेरा तेवढा त्याच्यासोबत आला. बंगल्यावरल्या मडमांचे फोटो काढून त्याचं पोट चाले.

एका भादव्यात पोलिसांनी त्याला बेडशाला नेलं, मुडद्याचा फोटो काढायला. भातखाचराच्या बांधावर हौशीराम पालथा पडलेला. अंगावर पावसात पांघरायचं पानांचं इरलं तसंच, छऱ्यांनी चाळण झालेलं. शेजारच्या कोंडाजीनं झुंजुमुंजू उजाडताना भात राखायच्या ठासणीच्या बंदुकीनं बार काढला होता. डुक्कर वाटलं, एवढंच तो सांगे.

कोर्टानं त्याला सोडलं. गावानं सोडलं नाही. दोघांचं बांधावरून वाजलेलं होतं, तेव्हा चुकून कसला, नेम धरून मारला, असं जो तो म्हणे. त्याच्या चुलीचा विस्तव कुणी नेईना. पोरीची जुळलेली सोयरीक मोडली. हौशीरामची आई विठाबाई तेवढी गप्प असायची. मारला की चुकून मेला, हेच तिला कळत नव्हतं, आणि तेच तिला आतून खात होतं.

तो फोटो वाहिदच्या डोळ्यांपुढून हलेना. मग दुकानाला कुलूप घालून तो मावळभर फिरायला लागला. कार्ल्यात बार उलटा फुटून हात गेलेला गडी, कान्ह्यात शिकारीच्या हाकाऱ्यात नवरा गेलेली बाई, अशांच्या दारात तो कॅमेरा मांडे. लोक विचारायचे, वाहिदभाऊ, ह्यात नाचगाणं कुटं हाय? नाही म्हटलं की म्हणायचे, मग बगणार कोण, तुमची म्हस?

शेवटी तो बेडशाला आला. कोंडाजीला त्या पहाटे काय दिसलं, ते त्याला फिल्मवर घ्यायचं होतं. कोंडाजीनं मान खाली घालून, जिथून बार काढला ती जागा दाखवली. पण इरलं घालून बांधावर वाकायला कुणी तयार होईना. अपशकुन कोण ओढवून घेणार? मग विठाबाईच पुढं आली.

"मी घालती. दुसऱ्याच्या लेकराला कशाला?"

आभाळ भरून आलेल्या सकाळी ती चिखलात वाकली. कोंडाजीनं तोंड फिरवलं. वाहिद हॅंडल फिरवत राहिला. दमल्यावर म्हातारी उभी राहिली, इरलं मागं सारून कॅमेऱ्याकडं बघू लागली. तेही फिल्मवर आलं.

पहिला खेळ लोणावळ्यात, तंबूत झाला; फिल्म दाखवायचं भाड्याचं मशीनही वाहिदच हातानं फिरवत होता. बायका रीतीप्रमाणे पडद्याच्या मागल्या अंगाला, त्यांच्यात विठाबाई. पुढं, अगदी कडेला कोंडाजी. पडद्यावर बांधाकडेनं एक करडं धूड सरकायला लागलं, आणि कुणीतरी ओरडलं, "हाण की! डुक्कर आलं!" धूड उभं राहिलं, त्याची म्हातारी झाली, आणि सगळा तंबू खदाखदा हसला. वाहिदला मशीन थांबवावंसं वाटलं, पण हात थांबला तर दिव्यानं फिल्म जळते, म्हणून तो फिरवत राहिला.

तंबू रिकामा झाल्यावर विठाबाई पुढल्या अंगाला आली. वाहिदला मान वर करवेना.

"मावशी, चुकलं माझं," तो म्हणाला.

"पुन्यांदा लाव."

त्यानं लावलं. कडेला कोंडाजी तसाच बसलेला. धूड सरकलं, उभं राहिलं, पडदा पांढरा झाला. विठाबाई त्या पांढऱ्या पडद्याकडंच बघत राहिली.

"कोंडाजी," ती म्हणाली. त्या दिवसापासून तिनं त्याचं नाव तोंडातून काढलं नव्हतं. "इरल्यात मी हाय, ह्ये मला ठावं हाय. तरी मला डुक्करच दिसलं रं."

कोंडाजी गुडघ्यांत डोकं घालून हुंदके द्यायला लागला. ती त्याच्याजवळ गेली नाही. वाहिदकडं वळली.

"पर ते उठून उभं ऱ्हातंय न्हवं, तेवढं काप. माजा न्हाई उठला."

वाहिदनं तिच्यादेखत कात्री लावली. पुढं मावळात जिथं जिथं ती फिल्म दाखवली, तिथं ती वाकलेल्या पाठीवरच संपायची. पडदा पांढरा झाला तरी माणसं बसून राहायची, काहीतरी उठेल म्हणून. मग कुणीतरी हळूच विचारायचं, कोण व्हतं ते? कुणी हसत नसे.

पुढल्या आषाढात बेडशाच्या लोकांनी, लांबून माणूस ओळखू यावा म्हणून, इरल्यांवर पांढरी फडकी बांधली. विठाबाईनं आपल्या विटून पांढऱ्या झालेल्या जुन्या लुगड्याचा पदर फाडला. घरात आता इरलं घालणारं कुणी नव्हतं. ती कोंडाजीच्या दारात गेली, आणि त्याच्या पोरीच्या इरल्यावर तिनं तो घट्ट बांधला.